कुरणावरचं शिंग

दुबईहून कुणी नातेवाईक आले की बॅगेतून एक लांबट, त्रिकोणी खोका निघायचा. आतल्या चॉकलेटचे दात मोडून खाण्याची इतकी घाई असे की खोक्यावरच्या डोंगराकडे कुणाचं लक्ष जात नसे. टोब्लरोनवरचा तो डोंगर म्हणजे मॅटरहॉर्न. काही उत्पादन स्लोव्हाकियात न्यायचं ठरल्यामुळे स्विस कायद्यानुसार २०२३ मध्ये त्याला खोक्यावरून उतरावं लागलं. त्याआधी २०२० च्या एप्रिलमध्ये, टाळेबंदीच्या दिवसांत, या डोंगराच्या अंगावर प्रकाशझोतांनी आपला तिरंगा रेखला गेला होता आणि तो फोटो आपल्याकडे मोबाइलवर भरपूर फिरला. थोडक्यात, मॅटरहॉर्न आपण पाहिलेला असतो. त्याची गोष्ट मात्र आपल्यापर्यंत पोचली ती एका माणसाच्या तोंडून, आणि तो माणूस फार छान लिहायचा. तिथेच घोटाळा आहे.

मॅट म्हणजे कुरण आणि हॉर्न म्हणजे शिंग. कुरणावरचं शिंग. संस्कृतातल्या ‘शृंग’ शब्दालाही शिंग आणि शिखर असे दोन्ही अर्थ आहेत, म्हणजे डोंगराकडे पाहून गुराख्याला जे सुचायचं ते दोन्हीकडे सारखंच सुचलेलं दिसतं. शिखराची उंची ४,४७८ मीटर. पायथ्याचं झेरमॅट गावच जवळपास आपल्या कळसूबाईच्या माथ्याइतकं उंच, सुमारे १,६०० मीटरवर आहे. तिथून मान वर केली की चार धारांचा, चार अंगांचा हा सुळका एकटाच उभा दिसतो. भूशास्त्रज्ञ सांगतात की त्याच्या माथ्याकडचा खडक आफ्रिकेच्या बाजूच्या भूखंडाचा आहे, त्याखाली एका बुजलेल्या समुद्राच्या तळाचे थर आहेत. आफ्रिका युरोपवर चढली आणि तिचं एक टोक इथे उरलं.

उत्तरेला स्वित्झर्लंडमधलं झेरमॅट, दक्षिणेला इटलीतलं ब्रॉय. आल्प्समधला सर्वांत उंच माँ ब्लाँ १७८६ मध्येच चढून झाला होता. १८५४ नंतरच्या दहा-अकरा वर्षांत तर इंग्रज हौशी मंडळींनी स्थानिक वाटाडे सोबत घेऊन एकामागून एक शिखरं सर केली. मॅटरहॉर्न तेवढा राहिला. झेरमॅटचे वाटाडे त्याचं नाव निघालं की विषय बदलत. माथ्यावर भुतांचं पडकं नगर आहे, जवळ गेलं की ती वरून दगड लोटतात, असं खोऱ्यातली माणसं सांगायची. दगड खरोखरच येत. दिवसा ऊन लागून बर्फ सैल झालं की अजूनही येतात.

ब्रॉयच्या बाजूला मात्र एक माणूस भुतांना भीत नव्हता. ज्याँ-आंत्वान कारेल, जन्म १८२९. शिकारी, माजी सैनिक. बेरसालिएरी या चपळ पायदळात राहून इटलीच्या स्वातंत्र्ययुद्धात लढलेला. म्हणून त्याचं टोपणनावच ‘बेरसालिएरे’ पडलं. हा डोंगर आपल्या खोऱ्याचा, तेव्हा तो आपल्याच खोऱ्यातून आणि आपल्याच माणसांनी चढायचा, हे त्यानं मनाशी पक्कं केलं होतं. १८५७ च्या सुमारास नातेवाईक आणि पाद्री होऊ घातलेला अमे गोरे यांना घेऊन त्यानं नैर्ऋत्येकडच्या सिंहाच्या धारेवर पहिली चाचपणी केली. त्यांना कुणी पैसे दिले नव्हते. कुणी पाठवलंही नव्हतं.

१८६० च्या उन्हाळ्यात लंडनहून एडवर्ड व्हिंपर आला. वय वीस. धंदा लाकडी ठोकळ्यावर चित्रं कोरण्याचा, बापाच्या कारखान्यात शिकलेला. प्रकाशक लाँगमन यांना आल्प्सच्या पुस्तकासाठी रेखाटनं हवी होती, म्हणून त्याला पाठवलं. तोवर त्यानं डोंगर असा पाहिलेलाच नव्हता. पण चित्रं काढायला आलेल्या पोराला डोंगरानं धरलं ते कायमचं. पुढच्या पाच वर्षांत मॅटरहॉर्नवर सात वेळा प्रयत्न करून तो सात वेळा परतला. बहुतेक वेळा इटलीच्या बाजूनं आणि अनेकदा कारेलला सोबत घेऊन. राहुटी वाहायला ल्यूक मेने नावाचा ब्रॉयचा एक कुबडा हमाल असायचा. त्याच्याबद्दल व्हिंपरनं जितक्या मायेनं लिहिलं तितकं फार थोड्या माणसांबद्दल लिहिलं असेल.

१८६२ च्या जुलैत एकदा तो एकटाच वर गेला. ब्रॉयकडे उतरताना सिंहाच्या डोक्याजवळच्या घळीत पाय सटकला आणि सात-आठ आपटे खात दोनशेएक फूट खाली गेला. घळीच्या तोंडापासून काही फुटांवर थांबला. त्यापुढे सरळ हिमनदीवर कोसळणारा कडा होता. डोक्यातून रक्ताच्या चिळकांड्या उडत होत्या. त्यानं जखमांवर बर्फाचे गोळे दाबले, कसाबसा सुरक्षित जागी सरकला आणि बेशुद्ध झाला. जाग आली तेव्हा सूर्य मावळत होता. अंधारात चाचपडत तो ब्रॉयला उतरला. गावकऱ्यांनी जखमांवर मीठ आणि व्हिनेगर चोळलं. काही दिवसांत स्वारी पुन्हा डोंगरावर. जखमेवर मीठ ही आपल्याकडे म्हण आहे. तिथे तो उपचार होता.

त्याच महिन्यात जॉन टिंडल आला. शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात आपण ज्याचा ‘टिंडल परिणाम’ पाठ केला तोच. स्वतःचे नावाजलेले वाटाडे त्यानं आणले होते आणि कारेलला नुसता हमाल म्हणून घेतला. सगळे खांद्यापर्यंत, आता ज्याला टिंडलचं शिखर म्हणतात तिथपर्यंत, म्हणजे ४,२०० मीटरच्या वर पोचले. पुढे धारेत एक खोल खाच. आता कसं, म्हणून कारेलला विचारलं, तर त्यानं सांगितलं की आम्ही हमाल, तुमच्या वाटाड्यांना विचारा. मंडळी परत फिरली. ही हकिकत व्हिंपरनं सांगितलेली आहे आणि टिंडलशी त्याचं फारसं पटत नसे, हे लक्षात ठेवावं. पण कारेलचा स्वभाव पाहता ती खोटी वाटत नाही. आपल्या डोंगराची वाट दुसऱ्याच्या नावावर जमा करायची त्याची तयारी नव्हती.

इकडे इटली नुकतीच एक झाली होती. इंग्रजांचा अल्पाइन क्लब १८५७ चा. तुरीनमध्ये १८६३ साली इटालियन क्लब निघाला. त्याचा प्रवर्तक क्विंटिनो सेला, व्यवसायानं खाणतज्ज्ञ आणि सरकारात अर्थमंत्री. नव्या देशाला तिजोरीत पैसे हवे होते आणि मिरवायला शिखरही. मॅटरहॉर्न इटालियन माणसांनी, इटलीच्या बाजूनं चढायचा असा बेत गुपचूप ठरला. अभियंता आणि भूवैज्ञानिक फेलिचे जॉर्दानो याला ब्रॉयला पाठवून कारेलला बांधून घेण्यात आलं. १८६५ च्या जुलैत व्हिंपर ब्रॉयला आला तेव्हा कारेलनं सांगितलं की अकरा तारखेपासून एका प्रतिष्ठित कुटुंबाला फिरवायचं कबूल केलंय. हा प्रकार खोटा म्हणावा का? सगळं सांगितलं नाही, एवढं खरं.

११ जुलैच्या सकाळी व्हिंपरला कळलं की कारेलसह ब्रॉयचे उत्तम वाटाडे पहाटेच दोर, खिळे, शिधा घेऊन निघून गेलेत. दुर्बिणीतून पाहिलं तर डोंगराच्या खालच्या उतारावर ठिपके सरकत होते. त्याच्या हातात दोर होता, राहुटी होती. माणूस एकही नव्हता. आणि इथून पुढे सगळं इतक्या घाईत आणि योगायोगानं घडलं की कादंबरीत वाचलं असतं तर लेखकाला हसलो असतो. त्याच दिवशी झेरमॅटकडून अठरा वर्षांचा लॉर्ड फ्रान्सिस डग्लस खिंड ओलांडून ब्रॉयला आला, सोबत पीटर टाउगवाल्डरचा मुलगा. डग्लसनं सांगितलं की थोरल्या पीटरच्या मते झेरमॅटच्या बाजूनं, हॉर्नली धारेवरून वाट निघू शकते. व्हिंपरच्या मनातही तेच घोळत होतं.

त्यामागे कोरीवकाम करणाऱ्याची नजर होती. झेरमॅटमधून पाहिलं तर ती बाजू उभ्या भिंतीसारखी दिसते. पण बाजूला जाऊन पाहिलं तर चढ डोळ्यांना वाटतो तेवढा उभा नाही. शिवाय खडकाचे थर ईशान्येकडून नैर्ऋत्येकडे कललेले. इटलीच्या बाजूला ते कौलारू छपरासारखे बाहेर, खाली झुकतात. पाय ठेवला की घसरतो. पूर्वेकडे तेच थर डोंगराच्या आत झुकलेले, म्हणजे पायऱ्या मागे कललेल्या. पाय आपोआप आत बसतो. सह्याद्रीत कातळारोहण करणाऱ्याला हा फरक सांगावा लागणार नाही, पायालाच तो ठाऊक असतो. साऱ्या आल्प्सनं अशक्य म्हणून सोडलेली बाजूच सोपी निघणार होती.

१२ तारखेला मंडळी खिंड ओलांडून झेरमॅटला उतरली. तिथे मॉन्टे रोझा हॉटेलबाहेर भिंतीवर मिशेल क्रो बसलेला. शामोनीच्या खोऱ्यातला हा उत्तम वाटाड्या आधीच्या मोसमांत व्हिंपरबरोबर होता; आता ज्याच्यासाठी तो बांधला गेला होता तो मालक आजारी पडला आणि रेव्हरंड चार्ल्स हडसननं त्याला नेमलं. हडसन मॅटरहॉर्नवरच निघालेला. दोन चमू एकाच डोंगरावर कशाला, म्हणून दोन्ही एक झाले. हडसननं सोबत एकोणीस वर्षांचा डग्लस हॅडो आणला होता. पोराला अनुभव किती, असं व्हिंपरनं विचारलं; माँ ब्लाँ भराभर चढून आलाय, असं हडसन म्हणाला. प्रश्न तिथेच संपला. एका रात्रीत, जेवणाच्या टेबलावर, थोरला पीटर आणि त्याचा त्याच नावाचा धाकटा मुलगा धरून सात जणांची तुकडी जमली, आणि म्होरक्या कोण हे कुणीच ठरवलं नाही.

१३ जुलै, गुरुवार, पहाटे साडेपाच. आकाश निरभ्र. त्या दिवशी ते सावकाश चढले आणि अकरा हजार फुटांच्या आसपास पडाव टाकला. दुसऱ्या दिवशी पहाटे निघाले तर काय, जिथे भिंत वाटत होती तिथे जिनाच. दोराचीही गरज फारशी लागेना. वरच्या टप्प्यात एका जागी उत्तरेच्या अंगाला वळावं लागलं; तेवढं अंतर बिकट होतं. तिथे हॅडोला पदोपदी हात द्यावा लागला. मग चढ मावळला आणि शेवटचं बर्फ समोर आलं. क्रो आणि व्हिंपर दोर सोडून धावत सुटले. दुपारी एक वाजून चाळीस मिनिटं.

माथा म्हणजे शंभरेक मीटर लांब, चिंचोळी धार. इटालियन आधी येऊन गेले असतील का? व्हिंपर बर्फातून शेवटपर्यंत पळत गेला, पाऊलखुणा नव्हत्या. मग कड्यावरून वाकून पाहिलं. खूप खाली धारेवर कारेलची माणसं मुंग्यांसारखी. यांनी ओरडून पाहिलं, मग त्यांचं लक्ष जावं म्हणून दगड लोटले. खालची माणसं वळली आणि मागे फिरली. व्हिंपरनं नंतर लिहिलं की त्या घटकेला कारेल आपल्याजवळ असायला हवा होता असं त्याला वाटलं. हे खरं असेल. पण दगड लोटून झाल्यावर सुचलं, हेही खरं. क्रोनं अंगातला निळा सदरा काढून राहुटीच्या दांड्यावर बांधला. तो फडकताना ब्रॉयमध्ये दिसला आणि आपलीच माणसं जिंकली म्हणून तिथे जल्लोष झाला. दुसऱ्या दिवशी कारेल मान खाली घालून परत आला तेव्हा कळलं.

तासभर सगळे वर होते. उतरायची तयारी क्रो आणि हडसननं केली: पुढे क्रो, मग हॅडो, मग हडसन, डग्लस, थोरला पीटर. व्हिंपर त्या वेळी शिखराचं चित्र काढत होता; मग नावं लिहून बाटलीत ठेवायची राहिली, तेही त्यानंच केलं. धाकट्या पीटरला घेऊन तो थोडा मागून आला. तीनच्या सुमारास डग्लसनं त्याला थोरल्या पीटरच्या दोराला जोडून घ्यायला सांगितलं. कुणी घसरलं तर पीटरला एकट्याला पेलायचं नाही, अशी भीती त्या अठरा वर्षांच्या पोराला वाटली. सातही जण एका माळेत आले.

त्यानंतर काही मिनिटांतच. क्रोनं कुऱ्हाड बाजूला ठेवून हॅडोचे पाय एकेक करून धरून खाचेत ठेवले आणि स्वतः वळला. हॅडो घसरला, क्रोच्या पाठीवर आदळला. दोघं गेले, त्यांच्या ओढीनं हडसन गेला, मग डग्लस. क्रोची हाक ऐकून थोरला पीटर आणि व्हिंपर कातळाला बिलगले; दोर ताणला गेला, दोघांनी झटका एकजुटीनं पेलला. आणि दोर तुटला. डग्लस आणि पीटर यांच्यामधला. चौघं पाठीवर घसरत, हात पसरून काहीतरी धरू पाहत एकामागून एक कड्याआड गेले. खाली मॅटरहॉर्नच्या हिमनदीपर्यंत जवळजवळ चार हजार फूट.

वर तिघं अर्धा तास हललेच नाहीत. बापलेक रडत होते. संध्याकाळी सहाच्या सुमारास समोरच्या धुक्यात एक मोठी कमान आणि तिच्यात दोन क्रूस उभे राहिलेले दिसले. धुक्यावर पडलेल्या उन्हाचा खेळ; पण त्या दिवशी त्यांना ते काय वाटलं असेल! रात्र तिघांनी एका निरुंद जागेवर काढली. झेरमॅटमध्ये एक मुलगा धावत हॉटेलात गेला होता की मी शिखरावरून हिमकडा कोसळताना पाहिला. थापा मारू नकोस म्हणून त्याला दटावलं.

१५ तारखेला व्हिंपर खाली उतरला आणि हॉटेलमालक आलेक्झांडर झायलरला एवढंच सांगू शकला की मी आणि टाउगवाल्डर तेवढे परत आलो. दुसऱ्या दिवशी रविवार. पहाटेची प्रार्थना चुकवून कुणी शोधाला गेलं तर धर्मबाह्य करू, अशी तंबी गावच्या पाद्र्यांनी वाटाड्यांना दिली. झेरमॅटचे वाटाडे अडले. दुसऱ्या गावांचे आणि शामोनीचे गेले. हिमनदीवर तीन देह मिळाले. डग्लसचा पट्टा, हातमोजे, बूट मिळाले. देह आजतागायत मिळालेला नाही.

आता तो दोर. तो आज झेरमॅटच्या संग्रहालयात काचेच्या पेटीत ठेवलेला आहे: बोटाएवढाही जाड नसलेला, एका टोकाला विसकटलेला तुकडा. व्हिंपरकडे तीन दोर होते. दोन भक्कम, तिसरा जुना, बारीक, राखीव म्हणून आणलेला. तुटला तो तिसरा. लगेच कुजबुज सुरू झाली की थोरल्या पीटरनं जीव वाचवायला चाकू चालवला. टोक पाहणाऱ्या कुणालाही दिसतं की तो कापलेला नाही, तुटलेला आहे. व्हिंपरनंही तसंच लिहिलं. पण त्याच दमात हेही लिहिलं की सर्वांत कच्चा दोर नेमका आपल्या आणि पुढच्याच्या मध्ये टाउगवाल्डरनं का बांधला, हा प्रश्न उरतो. शंका छापली गेली. छापलेली शंका म्हणजे दगडावरची रेघ.

चौकशी जुलैतच झाली. दंडाधिकारी क्लेमेन्झ हे गावातल्या दुसऱ्या हॉटेलचे मालक होते. पीटरला विचारायचे काही प्रश्न व्हिंपरनं स्वतः लिहून दिले. पीटरनं सांगितलं की पहिला दोर पुरेना म्हणून हा वापरला, कच्चा वाटला असता तर बांधलाच नसता. तो निर्दोष सुटला. पण चौकशीचे कागद कित्येक दशकं बाहेर आले नाहीत आणि लोकांच्या हाती राहिलं ते व्हिंपरचं १८७१ चं देखणं पुस्तक, त्याच्याच हातच्या कोरीव चित्रांसह. मला पीटरपेक्षा व्हिंपरला प्रश्न विचारावेसे वाटतात. दोर त्याचा. तो कच्चा आहे हे त्यालाच ठाऊक. माळ बांधली जात होती तेव्हा तो चित्र काढत होता. मग स्वतः त्याच माळेत येऊन जोडला गेला तेव्हा वरखाली एकदा पाहिलंही नाही? हॅडोसारख्या नवख्याला घ्यायला होकार त्याचाच. यांतला एकेक दोष त्या काळच्या मानानं क्षम्य आहे. पण दोषाची वाटणी करायला लेखणी एकाच्याच हातात होती, आणि पीटरला खोऱ्यातली जर्मन बोली सोडून काही बोलता येत नव्हतं. त्या संध्याकाळी कड्यावर बापलेक मजुरी बुडाल्याचं बोलत होते, असंही व्हिंपरनं लिहून ठेवलं. सहानुभूती मिळून पुढच्या वर्षी गिऱ्हाइकं वाढतील म्हणून पैसे मिळाले नाहीत असं लिही, असं ते म्हणाले म्हणे. पुढे धाकट्या पीटरनं आपली हकिकत वेगळी सांगितली, पण ती वाचणारे किती?

इटलीच्या बाजूला निराशा झाली होती. जॉर्दानोनं सेलाला कळवलं की हरलो. मग कारेलला म्हणाला, तरी जा, आपल्या बाजूनं वाट निघते हे दाखव. वाटाडे तयार होईनात. तेव्हा अमे गोरे, आता पाद्री झालेला, पुढे आला; ज्याँ-ओग्युस्तँ मेने आणि ज्याँ-बातिस्त बिकही आले. १७ जुलैला, अपघातानंतर तिसऱ्या दिवशी, चौघं खांदा ओलांडून शेवटच्या टप्प्यावर पोचले. तिथे एक घळ उतरून पलीकडे जायचं होतं, आणि परत येताना वर ओढून घ्यायला कुणीतरी अलीकडे थांबणं भाग होतं. गोरे थांबला, मेनेही थांबला. माथा अगदी हाकेच्या अंतरावर. कारेल आणि बिक पुढे जाऊन शिखरावर उभे राहिले. आठ वर्षांपूर्वी कारेलबरोबर पहिली चाचपणी करणारा तो पाद्री नंतर सारं आयुष्य डोंगरातल्या लहान लहान चर्चमध्ये काढून गेला. या सगळ्या कहाणीत मला सर्वांत जवळचा वाटतो तो हा थांबलेला माणूस.

इंग्लंडमध्ये गदारोळ झाला. टाइम्सनं विचारलं, हे धाडस की आत्मघात? गुस्ताव्ह डोरेनं पडणाऱ्या देहांचं चित्र काढलं आणि ते युरोपभर गाजलं. १८८२ मध्ये, इतरत्र काही अपघात झाल्यावर, राणी व्हिक्टोरियानं पंतप्रधान ग्लॅडस्टनकडे गिर्यारोहणावर बंदी घालता येईल का अशी विचारणाही करवली. बंदी आली नाही. माणसं मात्र येऊ लागली. ज्या डोंगरानं चार बळी घेतले तो पाहायला. राय आणि चीज खाऊन राहणाऱ्या झेरमॅटला १८९१ मध्ये रेल्वे आली. झायलर घराण्याची हॉटेलं उभी राहिली.

१८६७ मध्ये खोऱ्यातली फेलिसिते कारेल माथ्याच्या शंभरेक मीटर खालपर्यंत गेली. वाऱ्यानं घोळदार झगा फुगू लागला, तेव्हा धोका नको म्हणून परत फिरली. त्या जागेला तिचं नाव आहे. बाईनं अर्धवट सोडलेल्या वाटेला नाव मिळालं, हे त्या काळी थोडकं नव्हे. १८७१ च्या जुलैत ल्यूसी वॉकर माथ्यावर पोचली. मेटा ब्रेव्हुर्ट नावाची अमेरिकन बाई येतेय असं कळताच तिनं घाईनं चढाई उरकली. मेटानं मग त्याच मोसमात एका बाजूनं चढून दुसऱ्या बाजूनं उतरून दाखवलं. यांची भांडणं पुरुषांपेक्षा सभ्य होती.

१८७९ मध्ये आल्बर्ट ममरी अलेक्झांडर बुर्गेनरला घेऊन त्स्मुट धारेनं चढला. हाच ममरी १८९५ मध्ये नंगा पर्वतावर रघुबीर आणि गोमान सिंग या दोन गुरखा शिपायांसह बेपत्ता झाला. तिथेही पुस्तकांत ठळक नाव एकच. १८८२ च्या मार्चमध्ये क्विंटिनो सेलाचा पुतण्या व्हित्तोरियो थंडीत चढला. १९११ मध्ये फुर्गेन धार झाली. १९३१ मध्ये म्युनिकहून सायकली हाणत आलेल्या श्मिड भावांनी उत्तरेची काळी भिंत चढली. पुढच्या वर्षी लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये त्यासाठी सुवर्णपदक दिलं गेलं, पण तोवर धाकटा टोनी दुसऱ्या डोंगरावर गेला होता. १९६५ च्या फेब्रुवारीत वॉल्टर बोनात्तीनं त्या भिंतीवर नवी वाट एकट्यानं काढली आणि शंभरी साजरी केली. आता हॉर्नली धारेवर ४,००० मीटरवर संकटकाळची झोपडी आहे, जागोजागी जाड दोर आहेत, मोसमात रांग लागते. तरी मृतांची संख्या पाचशेच्या पुढे गेली. २००३ च्या उन्हाळ्यात खडकातलं बर्फ वितळून दरड कोसळली आणि नव्वदेक जणांना हेलिकॉप्टरनं उतरवावं लागलं. २०१५ मध्ये, दीडशेव्या १४ जुलैला, डोंगर दिवसभर बंद ठेवला.

थोरला पीटर टाउगवाल्डर काही काळ अमेरिकेला गेला, मग परतला. कुजबुज त्याच्याआधीच गावात मुक्कामाला होती. १८८८ मध्ये त्याच डोंगराच्या पायथ्याशी श्वार्झझेला तो गेला. धाकटा पीटर वाटाड्याचं काम करत राहिला.

कारेल आणि व्हिंपर यांचं मात्र पुढे जमलं. १८८० च्या जानेवारीत दोघं आणि कारेलचा नातलग लुई इक्वाडोरमध्ये चिंबोराझोवर पहिल्यांदा चढले. कारेलचा शेवट त्यानंतर दहा वर्षांनी, ऑगस्ट १८९० मध्ये. साठी ओलांडलेला तो लिओने सिनिगालिया या तरुण संगीतकाराला मॅटरहॉर्नवर घेऊन गेला होता. वादळानं गाठलं. झोपडीत दोन रात्री काढून, मग तासन्‌तास बर्फातून त्यानं गिऱ्हाइकाला सिंहाच्या धारेच्या पायथ्यापर्यंत सुखरूप उतरवलं, आणि तिथे सपाटीवर आल्यावर कोसळला. जागेवर क्रूस आहे.

व्हिंपर १९११ च्या सप्टेंबरमध्ये, जादूच्या कंदिलावर आल्प्सची चित्रं दाखवत फिरण्याच्या दिवसांत, शामोनीच्या एका हॉटेलात आजारी पडला. खोलीचं दार लावून घेतलं, डॉक्टरला आत येऊ दिलं नाही, आणि गेला. तो शामोनीत पुरला आहे, मिशेल क्रोच्या खोऱ्यात. क्रोचं थडगं झेरमॅटच्या चर्चच्या आवारात आहे.